वऱ्हाडातला 'ऱ्ह' कोण काढतो?

फळ्यावर 'वऱ्हाड' हा शब्द लिहायचा असेल तर आपण खडू उचलतो आणि लिहून मोकळे होतो. 'व'च्या पुढे ती लहानशी आडवी रेघ, मग तिला चिकटलेला 'ह'. तिसरी-चौथीतले मूलही हे सहज करते. संगणकाच्या पडद्यावर हाच शब्द उमटतो तेव्हा मात्र पडद्यामागे बरीच मोठी धावपळ झालेली असते. कळफलकाकडून आलेली माहिती एक फाईल दुसरीकडे देते, दुसरी तिसरीला विचारते, तिसरी टंकाच्या फाईलमध्ये शोध घेते आणि मग 'ऱ्ह' तयार होतो. यातली एखादी फाईल जागेवर नसेल, तर 'वऱ्हाड'च्या जागी चौकोन दिसतात, किंवा 'वर्हाड' असे काहीतरी चुकीचे दिसते.

चिखलदऱ्यासारख्या ठिकाणी तर या रेघेवाचून पाऊलही पुढे पडत नाही. चिखलदऱ्याला जा, चिखलदऱ्याहून या, दऱ्याखोऱ्या पाहा, बऱ्हाणपूरच्या बाजूला उतरा. प्रत्येक वाक्यात ती रेघ हजर! आणि गंमत अशी, की संगणकाच्या कार्यप्रणालीच्या हिशेबात बरीच वर्षे ही रेघ 'ऐच्छिक' होती. हवी असेल तर बसवा, नको असेल तर राहू द्या. या 'ऐच्छिक' शब्दामागे नेमकी काय व्यवस्था असते, ते या लेखात पाहू.

गावकीची भांडी

आधी सामायिक फाईल म्हणजे काय ते समजून घेऊ. गावात लग्न असले किंवा देवळात रोडग्यांचे जेवण असले, की दोनशे माणसांच्या स्वयंपाकाचे गंज, कढया, झारे लागतात. प्रत्येक घराने असा संच विकत घ्यायचा म्हटले तर पैसा जाईल आणि घरात पाय ठेवायला जागा उरणार नाही. म्हणून अनेक गावांत गावकीची भांडी असतात. ती एका ठिकाणी ठेवलेली असतात आणि ज्याला लागतील तो ती तेवढ्यापुरती घेऊन जातो.

संगणकातल्या आज्ञावल्यांचेही असेच आहे. पत्र लिहिण्याची आज्ञावली असो, हिशेबाची असो की चित्र काढण्याची, प्रत्येकीला पडद्यावर अक्षरे काढावी लागतात, फाईल उघडावी लागते, छपाईयंत्राशी बोलावे लागते. ही कामे करणारा मजकूर प्रत्येक आज्ञावलीत वेगवेगळा भरला तर तीच गोष्ट दहा वेळा साठवली जाईल. त्याऐवजी तो एकदाच लिहून एका फाईलमध्ये ठेवायचा आणि सगळ्यांनी तिथून वापरायचा. अशा फाईलला विंडोज कार्यप्रणालीत डायनॅमिक लिंक लायब्ररी, थोडक्यात डीएलएल म्हणतात. लिनक्समध्ये तिलाच शेअर्ड ऑब्जेक्ट म्हणतात. नाव वेगळे, तत्त्व तेच.

ही युक्ती जुनी आहे. १९८५ साली विंडोजची पहिली आवृत्ती आली तेव्हा ती चालण्यासाठी किमान २५६ किलोबाइट स्मृती पुरे असे. आजच्या मोबाईलवर काढलेला एक फोटोसुद्धा त्यात मावणार नाही. एवढ्याशा जागेत दोन-तीन आज्ञावल्या एकाच वेळी चालवायच्या तर सामायिक फायलींवाचून गत्यंतर नव्हते.

आज्ञावली सुरू होते तेव्हा काय घडते? तिच्या सुरुवातीलाच एक यादी असते : मला अमुक नावाची डीएलएल लागेल आणि तिच्यातली अमुक-अमुक कामे लागतील. कार्यप्रणाली ती यादी वाचते, त्या फायली शोधते, स्मृतीत आणते आणि कोणते काम कोणत्या पत्त्यावर मिळेल ते आज्ञावलीला सांगते. फाईल सापडली नाही, तर 'अमुक डीएलएल सापडत नाही' असा संदेश पडद्यावर येतो. शाळेतल्या संगणकावर हा संदेश बहुतेकांनी कधी ना कधी पाहिला असेल.

गावकीच्या भांड्यांत जे तंटे होतात तेही इथे होतात. एकाने जुना गंज बदलून वेगळ्या मापाचा आणून ठेवला तर दुसऱ्याचा अंदाज चुकतो. तसेच, नव्या आज्ञावलीने सामायिक फाईलची वेगळी आवृत्ती जुनीच्या जागी ठेवली, तर जुन्या आज्ञावल्या अडखळतात. दुसरा तंटा काढून टाकण्याचा. एक आज्ञावली काढताना तिची सामायिक फाईलही काढली, पण ती दुसऱ्या कोणाला लागत असेल तर? म्हणून विंडोजमध्ये अशा फायलींची मोजणी ठेवण्याची सोय करण्यात आली. बसवणाऱ्याने आकडा एकाने वाढवायचा, काढणाऱ्याने एकाने कमी करायचा, आणि शून्य झाल्याशिवाय फाईलला हात लावायचा नाही.

ऐच्छिक भागांचा कारभारी

आता पुढचा प्रश्न. कार्यप्रणाली म्हणजे हजारो फायलींचा पसारा. त्यातले सगळेच सगळ्यांना लागत नाही. पत्त्यांचे खेळ कोणाला हवे असतात, कोणाला नको. संगणकावरून संकेतस्थळ चालवण्याची सोय शाळेला सहसा लागत नाही. असे भाग वेगळे काढून 'हवे तर बसवा' असे ठेवणे सोयीचे. यांनाच ऐच्छिक घटक म्हणू. पण ते बसवायचे कोणी आणि कसे?

विंडोज २००० आणि विंडोज एक्सपी या आवृत्त्यांत याची व्यवस्था मोठी पाहण्यासारखी होती. सिसॉक.आयएनएफ नावाची एक साधी मजकुराची फाईल असे. तिच्यात प्रत्येक ऐच्छिक घटकासाठी एक ओळ : घटकाचे नाव, त्याची काळजी घेणारी डीएलएल, त्या डीएलएलमध्ये शिरण्याचे दार, आणि कोणत्या फायली कुठे ठेवायच्या याची यादी असलेल्या दुसऱ्या फाईलचे नाव. खेळांसारख्या साध्या घटकांसाठी ओसीजेन.डीएलएल ही एकच सर्वसाधारण फाईल पुरत असे. संकेतस्थळ चालवण्याच्या घटकाची मात्र स्वतःची वेगळी डीएलएल होती. काही ओळींत 'हाइड' म्हणजे 'लपवा' असा शब्द असे. तो असला की घटक संगणकात असूनही वापरणाऱ्याला यादीत दिसत नसे.

या सगळ्यांवर एक कारभारी. तो स्वतः कोणताही घटक बसवत नसे. तो प्रत्येक घटकाच्या डीएलएलला ठरलेल्या क्रमाने प्रश्न विचारी, आणि उत्तरे घेऊन पुढचे काम चालवी. तो संवाद साधारण असा :

तुला वर्णांची कोणती पद्धत चालते, जुनी आन्सी की युनिकोड?
तू आधीच बसलेला आहेस का?
वापरणाऱ्याने तुझ्यापुढे खूण केली आहे. तुझी संमती आहे का?
तुला चकतीवर किती जागा लागेल?
तुझ्या कोणत्या फायली आणायच्या, त्या रांगेत लाव.
फायली आल्या. आता तुझे राहिलेले काम पुरे कर.
झाले, आता आवरून घे.

शाळेच्या स्नेहसंमेलनाची तयारी आठवून पाहा. मुख्याध्यापक स्वतः नाटक बसवत नाहीत, गाणे बसवत नाहीत. ते प्रत्येक वर्गशिक्षकाला तेच प्रश्न विचारतात : तुमचा कार्यक्रम आहे का, किती वेळ लागेल, काय साहित्य लागेल? प्रत्येक कार्यक्रमाची आतली माहिती फक्त त्या-त्या शिक्षकाकडे असते. पण प्रश्न सर्वांना सारखे असल्यामुळे पन्नास कार्यक्रम असले तरी संमेलन पार पडते. ऐच्छिक घटकांच्या व्यवस्थेचे मर्म हेच आहे. कारभाऱ्याला प्रत्येक घटकाची माहिती असायला नको, घटकाला मात्र कारभाऱ्याचे प्रश्न समजले पाहिजेत. त्यामुळे उद्या एखादा नवा घटक आला तरी कारभारी बदलावा लागत नाही, यादीत एक ओळ वाढवली की झाले.

यात आणखी एक बारकावा होता. एक घटक दुसऱ्यावर अवलंबून असू शकतो. त्या याद्यांत 'याला ते लागते' आणि 'याच्यासोबत ते चालत नाही' असे सांगण्याची सोय होती. एकावर खूण केली की त्याला लागणारे दुसरे आपोआप निवडले जाई.

देवनागरी : एक खूण आणि दहा मेगाबाइट

भाषांची व्यवस्था या यादीत नव्हती. तिच्यासाठी कंट्रोल पॅनेलमध्ये 'रिजनल अँड लँग्वेज ऑप्शन्स' ही वेगळी खिडकी आणि इंटल.आयएनएफ ही वेगळी यादी होती. तत्त्व मात्र तेच. कंट्रोल पॅनेलमधली ती खिडकी उघडणारी फाईलसुद्धा, शेपटीला वेगळे नाव लावलेली डीएलएलच असते.

फेब्रुवारी २००० मध्ये आलेल्या विंडोज २००० मध्ये प्रथमच देवनागरीची सोय कार्यप्रणालीतच मिळाली. त्याआधी मराठी लिहिले जात नव्हते असे नाही. पुण्याच्या सी-डॅक संस्थेची साधने होती, आयएससीआयआय हे १९९१ चे भारतीय मानक होते, आणि छपाईसाठी अनेक टंकसंच होते. पण त्यांतल्या बहुतेक टंकसंचांची रीत अशी, की इंग्रजी अक्षरांच्या जागांवर देवनागरीचे तुकडे बसवायचे. अर्धा 'श' एका कळीवर, रफार दुसऱ्या कळीवर, काना तिसऱ्या. तुकडे जोडून अक्षर घडवण्याचे काम टंकलेखकाचे. तो टंक दुसऱ्या संगणकावर नसला की मराठी पत्राच्या जागी इंग्रजी अक्षरांचा कचरा दिसे.

युनिकोडने हे उलटे केले. फाईलमध्ये अक्षराचा आकार साठवायचा नाही, फक्त वर्णाचा क्रमांक साठवायचा. 'चिखलदरा' हा शब्द सात क्रमांकांनी साठवला जातो : च, ऱ्हस्व वेलांटी, ख, ल, द, र, काना. लक्षात घ्या, वेलांटी 'च'च्या नंतर साठवलेली आहे, कारण आपण ती नंतर उच्चारतो. पडद्यावर मात्र ती 'च'च्या आधी दिसायला हवी. ही उलटापालट कोण करणार?

हे काम यूएसपी१०.डीएलएल या सामायिक फाईलचे. अक्षरे काढणारा कार्यप्रणालीचा भाग आणि ही फाईल यांच्यामधली कडी म्हणजे एलपीके.डीएलएल. मजकूर आला की तो आधी या जोडीच्या हाती जातो. ती जोडी मजकुराचे अक्षरगट पाडते, वेलांटी पुढे आणते, रफार त्याच्या जागी नेते, जोडाक्षर टंकाच्या फाईलमधून शोधते, आणि तयार आकार पडद्याकडे पाठवते. मंगल हा टंक तेव्हा यासोबत मिळत असे.

आता आपल्या रेघेकडे येऊ. हे दोन शब्द पाहा :

दर्या : द, र, हलन्त, य, काना
दऱ्या : द, ऱ, हलन्त, य, काना

दोन्हींत पाच-पाच क्रमांक. फरक फक्त दुसऱ्या क्रमांकात आहे. पहिल्यात साधा 'र' आहे, म्हणून रफार 'य'च्या डोक्यावर जातो आणि अर्थ होतो समुद्र. दुसऱ्यात टिंबवाला 'ऱ' आहे, म्हणून आडवी रेघ येते आणि अर्थ होतो डोंगरांमधल्या खोल जागा. चिखलदरा समुद्रसपाटीपासून हजार मीटरहून उंच आहे. तिथे 'दऱ्या'च्या जागी 'दर्या' छापून आला तर भूगोलाच्या शिक्षकाने काय करावे? हिंदीत ही रेघ लागत नाही, मराठीत तिच्यावाचून अर्थ बदलतो. म्हणून ती केवळ शोभेची नाही.

पण विंडोज एक्सपीच्या इंग्रजी आवृत्तीत ही सगळी सोय मुळात बसवलेली नसे. 'लँग्वेजेस' या पानावर जाऊन, थाई व उजवीकडून डावीकडे लिहिल्या जाणाऱ्या लिपींच्या उल्लेखाची एक ओळ शोधून, तिच्यापुढे खूण करावी लागे. त्या ओळीत देवनागरीचे किंवा मराठीचे नावही नव्हते. खूण केल्यावर सुमारे १० मेगाबाइट जागा लागेल अशी सूचना येई, मग मूळ चकती मागितली जाई, आणि शेवटी संगणक पुन्हा सुरू करावा लागे. चकती हरवली असली की काम तिथेच अडे. दहा मेगाबाइट म्हणजे तेव्हाच्या चकतीच्या मानानेही किरकोळ जागा. प्रश्न जागेचा नव्हताच. कोणत्या गोष्टी सर्वांसाठी आणि कोणत्या 'हव्या असतील तर', हे ठरवताना यादी करणाऱ्यापुढे कोण उभे होते, हा खरा प्रश्न होता.

आज काय आहे?

२००७ च्या जानेवारीत सर्वांसाठी बाजारात आलेल्या विंडोज व्हिस्टापासून जटिल लिपींची सोय मुळातच बसवलेली येऊ लागली. खूण करण्याची गरज संपली. ऐच्छिक घटकांचा जुना कारभारीही गेला, आणि त्याच्या जागी सगळ्या घटकांच्या आवृत्त्या एका कोठारात सांभाळणारी नवी व्यवस्था आली. 'मापाचा गंज बदलला' हा तंटा त्यामुळे पुष्कळ कमी झाला, कारण एकाच फाईलच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी-शेजारी ठेवता येऊ लागल्या.

तरी 'ऐच्छिक' हा शब्द गेलेला नाही. विंडोज ८ पासून देवनागरीसाठी निर्मला हा टंक सर्वांना मिळतो. पण विंडोज १० पासून मंगल, कोकिळा, अपराजिता, उत्साह हे टंक 'देवनागरी सप्लिमेंटल फॉन्ट्स' या ऐच्छिक घटकात गेले आहेत. मराठी भाषा जोडली की ते सहसा आपोआप येतात. पण येतात ते इंटरनेटवरून. नव्या संगणकावर ते नसतील आणि मंगलमध्ये तयार केलेली जुनी प्रश्नपत्रिका उघडली, तर तिच्या जागी दुसरा टंक वापरला जातो, ओळी पुढे-मागे होतात आणि दोन पानांची प्रश्नपत्रिका तीन पानांची होऊ शकते.

मेळघाटात याला वेगळे महत्त्व आहे. धारणी तालुक्यातले हरिसाल हे गाव २०१६ मध्ये महाराष्ट्र शासन आणि मायक्रोसॉफ्ट यांच्या सहकार्याने 'डिजिटल गाव' म्हणून पुढे आणले गेले. पण दऱ्याखोऱ्यांतल्या प्रत्येक पाड्यावर मोबाईलची लहर सारखी पोचत नाही. घटक चकतीवर असताना ती हरवली की अडत असे. आता तो इंटरनेटवर आहे, आणि लहर नसली की अडते. म्हणून व्यवहाराची गोष्ट अशी, की संगणक नवा असो वा नव्याने तयार केलेला, घाट चढण्यापूर्वी परतवाड्यात किंवा अमरावतीतच सेटिंग्जमध्ये 'ऑप्शनल फीचर्स' शोधून देवनागरीचे टंक बसवून घ्यावेत आणि मराठी कळफलक जोडून पाहावा.

मेळघाटातल्या पुष्कळ मुलांची घरची भाषा कोरकू आहे. ही मुंडा भाषाकुळातली, मराठीशी नाते नसलेली भाषा. विंडोजच्या भाषांच्या यादीत ती नाही. तरीही शिक्षकाला कोरकू शब्दांची तक्ते-पुस्तिका संगणकावर करता येते, कारण ती देवनागरीत लिहिली जाते. लिपी घडवणारी सामायिक फाईल 'ही भाषा कोणती' असे विचारून अडून बसत नाही, ती लिपीचे नियम पाहते. मराठीसाठी केलेली गावकीची भांडी कोरकूच्या घरीही चालतात, हा सामायिक फायलींचा मोठा लाभ. मात्र शब्दांची तपासणी, भाषांतर, बोललेले लिहून घेणे हे भाषेचे घटक असतात, लिपीचे नव्हेत. ते कोणीतरी मुद्दाम बनवल्याशिवाय मिळत नाहीत.

एक सावधगिरी. 'डीएलएल सापडत नाही' असा संदेश आला की ती फाईल कुठल्यातरी संकेतस्थळावरून उतरवून घेण्याचा मोह होतो. तो टाळावा. अनेक आज्ञावल्या डीएलएल आधी आपल्याच कप्प्यात शोधतात. याचा फायदा घेऊन नेमक्या एलपीके आणि यूएसपी१० याच नावांच्या बनावट फायली पसरवणारे संगणकविषाणू होऊन गेले आहेत. हरवलेली फाईल मूळ आज्ञावली पुन्हा बसवून किंवा कार्यप्रणालीच्या दुरुस्तीच्या सोयीनेच परत आणावी.

वर्गात करून पाहण्यासारखे

१. संगणकाशिवाय : सात मुलांच्या हाती 'चिखलदरा'चे सात वर्ण लिहिलेली कार्डे द्या व त्यांना उच्चाराच्या क्रमाने उभे करा. आठवे मूल म्हणजे यूएसपी१०. त्याने नियम लावून सर्वांना पडद्यावरच्या क्रमाने उभे करायचे. मग 'दर्या' आणि 'दऱ्या' घ्या. नंतर आठव्या मुलाला बाहेर पाठवा आणि त्याच्याशिवाय काय दिसेल ते फळ्यावर लिहा.

२. संगणकावर : 'वऱ्हाड' टंकलिखित करून मागे खोडण्याची कळ एकेकदा दाबा. किती वेळा दाबल्यावर शब्द पूर्ण जातो ते मोजा. साठवलेले वर्ण सहा आहेत. मोजणी जुळते का?

३. शोधाचे कोडे : ही आडवी रेघ दोन प्रकारे लिहिता येते. एक, टिंबवाला 'ऱ' आणि हलन्त. दुसरा, साधा 'र', हलन्त आणि पुढे जोडणारे एक अदृश्य चिन्ह. दोन्ही दिसतात सारखेच. विद्यार्थ्यांच्या यादीत निम्म्या आडनावांत पहिला आणि निम्म्यांत दुसरा प्रकार असेल, तर 'गोऱ्हे' शोधल्यावर सर्व गोऱ्हे सापडतील का? करून पाहा, आणि मग शाळेपुरता एकच प्रकार ठरवून टाका. पहिला प्रकार साधा आणि सोयीचा आहे.

हे तिसरे कोडे सोडवताना मुलांच्या एक गोष्ट ध्यानात येईल. पडद्यावर दिसते ते आणि साठवलेले असते ते, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि त्या दोहोंमध्ये सामायिक फायलींची एक लांब साखळी उभी असते. त्या साखळीतली कोणती कडी मुळातच बसवलेली यावी आणि कोणती 'हवी असेल तर', हे माणसे ठरवतात. म्हणूनच ते मागून बदलूनही घेता येते. देवनागरीच्या बाबतीत ते बदलले. कोरकूच्या बाबतीत व्हायचे आहे.